पडद्यावरून आलेले तेंडुलकर

विजय तेंडुलकरांवर मराठीत आजवर जे लिहिलं गेलं, त्यात बहुतेक वेळा नाटककार तेंडुलकर असतात. 'शांतता! कोर्ट चालू आहे', 'गिधाडे', 'सखाराम बाइंडर', 'घाशीराम कोतवाल', त्यावरचे वाद, सेन्सॉर, मोर्चे. पुण्यामुंबईच्या रसिकांनी ते सगळं समोर बसून पाहिलं. बारामती तालुक्यातल्या माळेगाव बुद्रुकला आमच्या घरात वाढलेल्या पिढीने यातलं एकही नाटक त्या काळात पाहिलं नाही. बारामतीला नाटक आलंच तर ते विनोदी किंवा ऐतिहासिक असायचं. तेंडुलकर आमच्याकडे आले ते पडद्यावरून. आधी थिएटरच्या, मग टीव्हीच्या. ते आले, आमच्या जेवणाच्या पंगतीत बसले, आमच्या घरातल्या माणसांना एकमेकांकडे नीट बघायला लावून गेले, आणि हे लिहिणारा माणूस कोण, हे आम्हाला बरीच वर्षं ठाऊकही नव्हतं.

आम्ही म्हणजे तीन भावांची मिळून सगळी मुलं. घर गावात, शेती नीरा डाव्या कालव्याच्या पाण्यावर. थोरले चुलते, ज्यांना सगळं घर अण्णा म्हणायचं, साखर कारखान्याच्या शेतकी विभागात नोकरीला. मधले शेती बघायचे. धाकटे म्हणजे माझे वडील, प्राथमिक शिक्षक. माळेगावचा सहकारी साखर कारखाना पन्नाशीच्या दशकात उभा राहिला, तेव्हा आजोबांनी शेअर घेतला होता. तो कागद देवघरातल्या लोखंडी पेटीत, जमिनीच्या उताऱ्यांबरोबर असायचा. दिवाळीला सभासदांची साखर यायची, त्या दिवशी आजी पोतं उतरवताना स्वतः उभी राहायची.

भिंतीवर घड्याळ होतं, पण घर चालायचं ते भोंग्यावर. गळीत हंगाम सुरू झाला की वजनकाट्यापासून मागे बैलगाड्यांची रांग लागायची आणि रात्रभर घुंगरांचा आवाज यायचा. मळीच्या वासाने पाहुण्यांचं डोकं दुखायचं. आम्हाला मात्र मामाच्या गावी गेलं की तोच वास आठवायचा. बीड-नगरकडून ऊसतोडीच्या टोळ्या यायच्या, पाचटाच्या कोप्या घालायच्या, आणि हंगाम संपला की एका दिवसात ते सगळं माळरान पुन्हा मोकळं व्हायचं. सोमेश्वर, भवानीनगर, वालचंदनगर, चहूबाजूंनी ऊस आणि धुराडी. दुसरं जग असतं, हे आम्हाला भूगोलाच्या पुस्तकातून कळायचं.

अशा घरात बातमी आली की साखर कारखान्यावर सिनेमा निघालाय.

'सामना' आमच्याकडे पोचला तेव्हा पुण्यात तो जुना झाला होता. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत गोणपाट अंथरून घर निघालं. अण्णा येणार नाहीत असं सगळ्यांनी धरलं होतं, पण ते पुढे ड्रायव्हरशेजारी जाऊन बसले. बायकांना वाटत होतं, निळू फुले आहेत म्हणजे तमाशा असणार, दोन-चार लावण्या असणार.

पडद्यावर आला तो हिंदुराव धोंडे-पाटील. साखर कारखाना, पतपेढ्या, शाळा, सगळं त्याच्या मुठीत. समोर एक दारुडा, भटका मास्तर, कधीकाळी स्वातंत्र्यलढ्यात उतरलेला. या मास्तराला एकच कळून घ्यायचं आहे: मारुती कांबळे नावाचा माणूस होता, त्याचं पुढे काय झालं? हिंदुराव त्याला हाकलून देत नाही. घरात ठेवून घेतो, खाऊपिऊ घालतो, जवळ बसवतो. बायाबापड्यांना छळणारे पाटील आम्ही सिनेमात पुष्कळ पाहिले होते. हा वेगळा होता. याने खरंच रस्ते केले होते, पोरांना नोकऱ्या लावल्या होत्या, आणि आपण केलं म्हणून आपल्याला विचारणारं कुणी नको, अशी त्याची सरळ समजूत होती. असा माणूस आम्हाला अनोळखी नव्हता. ऊसपट्ट्यातल्या कुठल्याही गावात तो असू शकला असता, लग्नात पहिल्या पंगतीला बसणारा, आजारी माणसासाठी रात्री जीप काढणारा. तेंडुलकरांनी त्याला राक्षस केलं नाही, म्हणून तो पटला, आणि पटला म्हणून त्याची भीती वाटली.

परतताना ट्रॉलीत कुणी बोललं नाही. अण्णांनी घरी आल्यावर हातपाय धुतले आणि एवढंच म्हणाले, "लिहिणारा कारखान्यावर राहून गेलेला दिसतोय."

राहिलेला नव्हता. तेंडुलकर मुंबईचे. ६ जानेवारी १९२८चा जन्म. बेचाळीसच्या आंदोलनात शाळा सुटली ती सुटलीच. पुढे वर्तमानपत्रांच्या कचेऱ्यांत उपसंपादकी केली. पण १९७३च्या सुमारास त्यांना नेहरू फेलोशिप मिळाली होती आणि विषय त्यांनी निवडला होता समाजात वाढत चाललेली हिंसा. त्यासाठी ते देशभर हिंडले, माणसांना भेटले. 'सामना' याच वर्षांतला. ऊस त्यांनी लावला नसेल, पण सत्ता माणसाला जेवायला वाढत वाढत कशी गिळते, हे त्यांनी जवळून पाहिलं होतं. अण्णांचा अंदाज पत्त्यापुरता चुकला.

या चित्रपटाची मंडळी कोण होती, हेही सांगण्यासारखं आहे. दिग्दर्शक जब्बार पटेल बालरोगतज्ज्ञ. त्यांचा दवाखाना आमच्या शेजारच्या दौंडला, आणि ते तिथून पुण्याला नाटकाच्या तालमींना जायचे. मास्तर झालेले श्रीराम लागू कान-नाक-घशाचे सर्जन. मारुती कांबळे झालेले मोहन आगाशे मानसोपचारतज्ज्ञ. हिंदुराव रंगवणारे निळू फुले यांनी पुण्यात लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केलेलं. निर्माते रामदास फुटाणे जामखेडकडचे, पेशाने चित्रकला शिक्षक. सिनेमाच्या धंद्यात मुरलेला माणूस यांत शोधावा लागतो. म्हणूनच बहुधा त्यांना धंद्याची भीती वाटली नाही.

'सामना' १९७५च्या बर्लिन महोत्सवात स्पर्धेसाठी निवडला गेला. त्या काळी तो महोत्सव उन्हाळ्यात भरायचा. २७ जूनला सुरुवात झाली, आणि त्याच्या दोन दिवस आधी आपल्याकडे आणीबाणी लागली होती. इथे प्रश्न विचारणारे तुरुंगात जात होते, आणि तिकडे भिंतीने कापलेल्या शहरात एक मराठी मास्तर आपला प्रश्न विचारत होता. सुवर्ण अस्वल त्या वर्षी हंगेरीच्या मार्ता मेसारोश यांच्या चित्रपटाला मिळालं. वडिलांना हे सगळं पेपरातून कळलं. त्यांनी शाळेच्या नकाशावर आम्हाला बर्लिन दाखवलं, आणि आमची धाकटी चुलतबहीण म्हणाली, "तिथं ऊस हाय का?" तिथे बीटची साखर करतात, असं वडिलांनी सांगितलं. जर्मनीबद्दल आमच्या घराला मिळालेली ती पहिली माहिती.

मारुती कांबळेचा प्रश्न आमच्या घरात राहायला आला. पुढे तो साऱ्या महाराष्ट्राच्या राजकारणात गेला, सभांत, अग्रलेखांत, विधिमंडळाच्या बातम्यांत. आमच्याकडे मात्र तो आधी पोरांच्या तोंडी बसला. लोणच्याची बरणी सापडेना, म्हशीचं दावं हरवलं, की मास्तरासारखी मान कलती करून कुणीतरी तसंच विचारायचं आणि घर हसायचं.

एकदा रात्री जेवताना आमच्यातल्या एकाने त्याच सुरात विचारलं, आपल्या गड्याचं काय झालं?

आमच्याकडे एक सालगडी होता. आम्हा पोरांना खांद्यावर घेऊन पाटावर पोहायला नेणारा. एका पाडव्याला तो आला नाही. उचलीच्या हिशेबावरून आजोबांशी त्याचं वाजलं होतं आणि तो बायकोपोरांसह रातोरात गेला, एवढंच आमच्या कानावर आलं होतं. त्याचं नाव नंतर घरात कुणी काढलं नव्हतं. प्रश्न आला आणि पंगतीत कुणी हसलं नाही. आजोबा तेव्हा हयात होते. त्यांनी हात धुतला आणि उठले. मधल्या चुलत्यांनी पोराकडे डोळे वटारले. आजीने मात्र ताटात भाकरी वाढता वाढता, कुणाकडे न बघता सांगितलं, "हिशेब त्याचा खरा हुता." आजीने आजोबांच्या विरुद्ध काही बोललेलं आम्ही आयुष्यात पहिल्यांदा ऐकलं.

त्या गड्याचा पुढे शोध घेतला गेला. निंबूतच्या बाजूला कुणाकडे तरी तो लागला होता. मधले चुलते जाऊन पैसे देऊन आले, पण तो परत आला नाही. पटकथा लिहिणाऱ्याची ताकद मला विचाराल तर मी हीच सांगेन. त्याचं वाक्य थिएटरात टाळ्या घेतं ते ठीक, पण ते परक्या घरात, परक्या ताटावर, लेखकाला कधीही न कळता कामाला येतं.

'मंथन' आम्ही पाहिला तो उघड्यावर, पांढऱ्या पडद्यावर, दूध संस्थेच्या मेळाव्यात. हिंदी सगळ्यांना समजत नव्हतं, पण दुधाचं माप, फॅटचं भांडण, संस्थेत कुणाला घ्यायचं आणि कुणाला नाही, हे समजायला भाषा लागत नाही. गुजरातच्या पाच लाख शेतकऱ्यांनी प्रत्येकी दोन रुपये घालून तो काढला, हे मेळाव्यात सांगितलं गेलं तेव्हा आमच्या मधल्या चुलत्यांचा विश्वास बसेना. संवाद कैफी आझमींचे, पटकथा तेंडुलकरांची, आणि त्या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

'सिंहासन' आला १९७९मध्ये. अरुण साधूंच्या 'मुंबई दिनांक' आणि 'सिंहासन' या दोन कादंबऱ्या एकत्र करून तेंडुलकरांनी तो लिहिला. एवढी पात्रं, एवढे धागे, आणि तरी गोंधळ नाही. चित्रीकरण मंत्रालयात झालं, आणि त्याला परवानगी देणारे मुख्यमंत्री शरद पवार, म्हणजे आमचेच आमदार, याचा बारामती तालुक्याला कोण अभिमान. निळू फुले यात पत्रकार. अण्णांना तो हिंदुरावापेक्षा जास्त आवडला. पण खरं सांगायचं तर 'सिंहासन' आमच्या पुरुषांचा सिनेमा. तो बघून ते ओट्यावर तासन् तास बोलायचे, कोण कुणासारखा वाटतो याचे अंदाज बांधायचे. घरात त्याने काही हललं नाही.

घर हललं ते 'उंबरठा'ने, आणि तोवर टीव्ही आला होता.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं, वर्षभरात सिंहगडावर पुण्याचं सहक्षेपण केंद्र झालं. आमच्या गावाहून सिंहगड लांब. त्यामुळे ज्यांच्याकडे टीव्ही आला त्यांनी घरावर लोखंडी पाइप जोडून जोडून उंच अँटेना उभारला, बूस्टर बसवला. वारं सुटलं की पडद्यावर मुंग्या. मग एक जण माळवदावर, एक जण अंगणात, एक जण टीव्हीसमोर. "आलं का?" "न्हाई, अजून थोडं मागं!" शनिवारी संध्याकाळी मराठी चित्रपट असायचा. त्या दिवशी भाकऱ्या दुपारीच थापून ठेवायच्या, आणि गल्लीतल्या सगळ्या बायका आमच्या सोप्यात. दाराजवळ ऊसतोडीच्या कोप्यांतल्या पोरी उभ्या असायच्या. आजी त्यांना आत बसा म्हणायची, त्या उंबऱ्यापर्यंत यायच्या आणि तिथेच टेकायच्या.

'उंबरठा' शांता निसळ यांच्या 'बेघर' कादंबरीवरून केलेला. स्मिता पाटील सुलभा महाजन झाली आहे. सुखवस्तू घरातली सून, नवरा वकील, मुलगी लहान, आणि तिला घराबाहेर काम करायचं आहे. महिलाश्रमाची अधीक्षक म्हणून ती दूरच्या गावी जाते. तिथली घाण, तिथले लागेबांधे, सगळ्यांशी झगडते आणि हरून परत येते. घरी तिची जागा भरलेली असते. नवरा तसं सांगतो. मग ती पुन्हा बाहेर पडते.

आमची आत्या त्या रात्री खांबाला टेकून बसली होती. ती डी.एड. झालेली. लग्नाआधी तिला इंदापूर तालुक्यात एका शाळेत नेमणूक आली होती. एकटी बाई परगावी कशी राहणार म्हणून तिला पाठवलं नाही, वर्षभरात लग्न लावलं, आणि काही वर्षांनी नवरा गेल्यावर ती माहेरी परत आली. घरात तिला मान होता. पोरांचे अभ्यास ती घ्यायची, पत्रं ती लिहायची, आजोबांचे चष्मे ती सांभाळायची. तिला कधी काही विचारायचं असतं, हे मात्र कुणाच्या मनात आलं नव्हतं.

सिनेमा संपला. बायका उठताना एकमेकींत बोलू लागल्या. पोर टाकून गेली, असं कसं काळीज होतं तिचं, असं एक जण म्हणाली. दुसरीने तिची री ओढली. आत्या म्हणाली, "गेली म्हणून वाईट वाटतंय का तुम्हाला? मला ती आधी परत आली त्याचं वाईट वाटलं." सोपा गप्प झाला. माझे वडील, ज्यांनी त्या वेळी आजोबांपुढे तोंड उघडलं नव्हतं, मान खाली घालून चटई गुंडाळत राहिले. पुढच्या जूनपासून आत्या गावातल्या बालवाडीत शिकवायला जाऊ लागली. पगार नावालाच होता. तो ती स्वतःजवळ ठेवायची, आणि त्यातून तिने आमच्या थोरल्या चुलतबहिणीच्या कॉलेजची पहिली फी भरली. त्या बहिणीला परगावी वसतिगृहात ठेवायचं की नाही, यावर घरात चर्चा झालीच नाही. आत्याने ती होऊ दिली नाही.

'आक्रोश' आणि 'अर्धसत्य' आम्ही नंतर पाहिले, कुणी वसतिगृहात राहून, कुणी भाड्याच्या व्हिडिओवर. गोविंद निहलानींचे हे दोन्ही चित्रपट तेंडुलकरांच्या पटकथेवरचे. 'अर्धसत्य' श्री. दा. पानवलकरांच्या 'सूर्य' कथेवरून १९८३मध्ये आला आणि आमच्या शेजारच्या नगर जिल्ह्यातल्या सदाशिव अमरापूरकरांना त्याने हिंदीत उभं केलं. पण माझ्या लेखी मोठा तो 'आक्रोश'. त्यातला लहान्या भिकू, ओम पुरी, बायकोच्या खुनाचा आरोप अंगावर घेऊन बसला आहे आणि वकिलाला एक शब्द सांगत नाही. संवादांसाठी गाजलेल्या माणसाने आपल्या नायकाला बोलूच दिलं नाही. कोपीच्या दाराशी मुकादमासमोर मान खाली घालून उभी असलेली माणसं आम्ही लहानपणापासून पाहिली होती आणि त्यांना बोलायचं नसतं असं धरून चाललो होतो. त्यांच्या गप्प राहण्यामागे केवढं काय असू शकतं, हे 'आक्रोश'ने आम्हाला दाखवलं.

मग 'रजनी' आली, १९८५ साली. ती बासू चटर्जींची मालिका, तेंडुलकरांचं लेखन नव्हे, पण रजनी झालेली प्रिया ही तेंडुलकरांची मुलगी, हे समजल्यावर आमच्या घरात पहिल्यांदा ते नाव नीट उच्चारलं गेलं. नव्वदच्या दशकात तेंडुलकरांनी दूरदर्शनसाठी 'स्वयंसिद्धा' लिहिली, तीत मुख्य भूमिका प्रियाचीच. आत्या ती मालिका वेळ न चुकवता बघायची. तोवर आम्ही बहुतेक जण गाव सोडून गेलो होतो, पुण्याला, चाकणला, एक जण तर जर्मनीत, साखरेचीच यंत्रं बनवणाऱ्या कंपनीत. सुट्टीत गावी जमलो की जुन्या सिनेमांची उजळणी व्हायची, आणि अशाच एका दिवाळीत वडिलांनी एकामागून एक नावं घेतली: 'सामना', 'मंथन', 'सिंहासन', 'उंबरठा', 'आक्रोश', आणि म्हणाले, हे सगळं एकाच माणसाने लिहिलंय. आम्ही भावंडं एकमेकांकडे बघत राहिलो. आम्हाला निळू फुले पाठ होते, स्मिता पाटील पाठ होती, गाणी पाठ होती. आमच्या घरात एवढी उलथापालथ करणारा माणूस एकच होता, हे मात्र आम्ही कधी जोडून पाहिलं नव्हतं.

पटकथाकाराचं हेच होतं. नट दिसतो, दिग्दर्शकाचं नाव शेवटी एकटं येतं, संगीतकार गुणगुणला जातो. लिहिणाऱ्याचं नाव अँटेना फिरवण्यात निघून जातं. सगळीकडे हे इतकं सरसकट होत नाही. युद्धानंतरच्या पूर्व जर्मनीत वोल्फगांग कोलहासे नावाच्या लेखकाने आयुष्यभर चित्रपट आणि टीव्हीसाठी लिहिलं, साध्या बर्लिनकरांची सुखदुःखं, त्यांच्याच बोलीत. 'सामना' ज्या महोत्सवात स्पर्धेला होता, त्याच महोत्सवाने २०१०मध्ये कोलहासेंना कारकिर्दीबद्दलचं मानाचं सुवर्ण अस्वल दिलं, पटकथाकार म्हणून. जर्मनीत असलेल्या आमच्या भावाने फोनवर हे सांगितलं तेव्हा तेंडुलकर जाऊन दोन वर्षं होत आली होती. पद्मभूषण त्यांना १९८४मध्ये मिळालं, मानसन्मान पुष्कळ मिळाले, पण लोक त्यांना आजही नाटककार म्हणून ओळखतात आणि चित्रपट म्हणजे त्यांचं जोडकाम समजतात.

हे मला मान्य नाही. नाटकाने तेंडुलकर शहराला मिळाले, पटकथेने ते महाराष्ट्राला मिळाले. घाशीरामाच्या प्रयोगाला जाऊ न शकणारी आमची आजी, आमची आत्या, दाराशी टेकलेल्या त्या पोरी, यांच्यापर्यंत पोचायला त्यांच्याकडे पडदा हीच एक वाट होती, आणि त्या वाटेवर त्यांनी लिखाणात काही पातळ केलं नाही. नाटकात ते जितके कठोर होते तितकेच इथेही राहिले.

१९ मे २००८ला पुण्यात तेंडुलकर गेले. त्याआधी काही वर्षांतच मुलगा, पत्नी आणि प्रिया असे एकामागून एक गेले होते. बातमी लागली तेव्हा आत्या थकली होती, तरी तिने टीव्हीचा आवाज मोठा करायला सांगितलं.

आता माळेगावात नगरपंचायत आहे, बैलगाड्यांची जागा बहुतांशी ट्रॅक्टरने घेतली आहे, आणि आमची मुलं मोबाइलवर एकेकटी सिनेमा बघतात. त्यांना एवढीच विनंती, आणि वाचकांनाही. 'सामना' आणि 'उंबरठा' घरातल्या म्हाताऱ्या माणसांसोबत बसून एकदा पाहा, आणि संपल्यावर त्यांना बोलू द्या.